कोण शिकवते, कोणासाठी शिकवते : लैंगिक शिक्षणाच्या इतिहासाची प्रस्तावना

लैंगिक शिक्षणाच्या इतिहासाकडे नव्याने वळणारा वाचक बहुधा एक कथा मनात घेऊनच येतो. पूर्वी या विषयावर कोणी बोलत नसे, मग र. धों. कर्वे आले, समाजाने त्यांना छळले, पुढे सरकार जागे झाले आणि आता मोबाइलमुळे सगळेच उघड झाले. कथा सुटसुटीत आहे, तिच्यातले एकेक विधान अगदीच खोटे आहे असेही नाही. पण ती घेऊन मालवण-वेंगुर्ल्याच्या पट्ट्यात जुने काही शोधू लागले की ती पहिल्याच पायरीवर अडखळते. इथे बोलणेच नव्हते असा काळ काही सापडत नाही.

तेव्हा या क्षेत्रात येणाऱ्याचे स्वागत करताना मला एक गोष्ट आधीच सांगून ठेवायची आहे. लैंगिक शिक्षण प्रत्येक पिढीने दिले आहे. ते शिकणाऱ्याच्या गरजेपोटी मात्र क्वचितच दिले. कोणी वंश चालावा म्हणून दिले, कोणी लोकसंख्या आवरावी म्हणून, कोणी रोगाच्या धास्तीने, कोणी गुन्ह्याच्या. समोरच्या पोरीला किंवा पोराला स्वतःच्या शरीराबद्दल काय जाणून घ्यायचे आहे, हे ज्यांनी आधी विचारले अशी माणसे या इतिहासात मोजकीच भेटतात. ती कुठे भेटतात आणि त्यांचे काय झाले, हे पुढच्या पानांत पाहू.

सुरुवात घरापासून करू. जुन्या काळी लग्न झालेल्या लहान मुलीला पहिले न्हाण आले की ती बातमी दडवली जात नसे. तिला मखरात बसवत, ओटी भरत, बायका जमून गाणी म्हणत आणि ऋतुशांतीचा मुहूर्त धरत. कोणाच्या घरची सून आता नांदायला येणार हे अख्ख्या वाडीला ठाऊक होई. शिमग्यात होळीभोवती पुरुषांच्या फाका चालत, रोंबाट निघे, आणि वर्षभर तोंडातून न निघणारे शब्द त्या दिवसांत देवासमोर मोठ्याने उच्चारले जात. दशावताराच्या रंगभूमीवर संकासुराच्या विनोदाला आडपडदा नसे. बाळंतपण सुईणीच्या हाती होते आणि सुईण सगळ्या घरांची गुपिते जाणून असे.

आता या सगळ्याने नेमके काय शिकवले? विटाळाचे नियम शिकवले: तीन दिवस कुठे बसायचे, कशाला शिवायचे नाही, चौथ्या दिवशी न्हायचे कसे. रक्त का येते हे नाही शिकवले. मखरात बसलेल्या मुलीला आपल्याला कौतुकाने सजवले आहे एवढे कळत होते. त्यानंतरच्या रात्री काय होणार आहे, हे तिला कोणी सांगितले असेलच असे नाही. शिमग्याच्या फाकांत बाईचे शरीर होते, बाई नव्हती. म्हणजे बोलणे भरपूर, पण ते कोणी, कोणाबद्दल आणि कोणत्या दिवशी बोलायचे हे पक्के ठरलेले. काही अभ्यासक या जुन्या मोकळेपणाचे कौतुक करताना फार वाहवत जातात. गाणी मलाही आवडतात. पण त्या मखरात मुलगी दहा-अकरा वर्षांची होती, हे विसरून चालत नाही.

याच मोकळेपणाची दुसरी बाजू देवळात होती. गोवा, सावंतवाडी संस्थान आणि त्याला लागून असलेल्या दक्षिण रत्नागिरीत देवळांना वाहिलेल्या भाविणी होत्या. लग्न देवाशी किंवा देवाच्या कट्यारीशी आणि उपभोग गावातल्या बड्या माणसांचा, अशी ती रीत. मुंबई इलाख्यात 1934 साली देवदासी संरक्षणाचा कायदा झाला. त्याच्या आगेमागे या समाजातल्या लोकांनी स्वतःच शिक्षणाचा, लग्नाचा आणि नव्या नावाचा आग्रह धरला. पैंगीणच्या राजाराम पैंगीणकरांचे ‘मी कोण?’ हे आत्मचरित्र नवख्याने लवकर वाचावे. लैंगिकतेचा इतिहास सुधारकांच्या भाषणांतून वाचणे वेगळे आणि ती रीत ज्यांच्या घरात होती त्यांच्याकडून वाचणे वेगळे, हा फरक त्या पुस्तकाइतका चटकन दुसरीकडे कळत नाही.

छापील वादाला खरे तोंड फुटले ते 1880 नंतर, आणि त्या वादात मालवणचा एक माणूस मधोमध उभा आहे. ताराबाई शिंदे यांनी 1882 मध्ये ‘स्त्रीपुरुष तुलना’ लिहिली ती सुरतेतल्या एका विधवेवरच्या खटल्याने पेटून. मुंबईत 1884 पासून रखमाबाईंचा खटला गाजू लागला: लहानपणी लावून दिलेले लग्न, आणि मोठी झालेली मुलगी नवऱ्याकडे जायला नकार देते. नंतर 1889 मध्ये कलकत्त्यात फुलमणी दासी ही दहा-अकरा वर्षांची मुलगी नवऱ्याच्या संभोगाने दगावली. नवरा तिच्याहून कितीतरी थोराड होता. दंडविधानात संमतीचे वय 10 होते, म्हणून बलात्काराचा आरोप त्याच्यावर टिकेना. यातून संमतिवयाचे विधेयक आले: वय 10 वरून 12 करायचे. आज ही दोन वर्षांची वाढ वाचून वाचक थबकतो. तेव्हा तिच्यावरून पुण्यात सभा उधळल्या गेल्या.

टिळकांचा आणि सनातन्यांचा मुख्य आक्षेप असा की, ऋतुप्राप्तीनंतर लगेच गर्भाधान करणे हे शास्त्राने सांगितलेले कर्तव्य आहे, परक्या सरकारने त्यात हात घालू नये. याला शास्त्रातूनच उत्तर दिले ते डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनी. भांडारकरांचा जन्म 1837 चा, मालवणचा. संस्कृत पंडित म्हणून त्यांचे नाव तोवर युरोपात पोहोचलेले होते. हिंदू धर्मशास्त्रात विवाहाचे आणि समागमाचे वय काय सांगितले आहे यावर त्यांनी टिपण लिहिले. गृह्यसूत्रे आणि स्मृती समोर ठेवून त्यांनी दाखवले की, पहिल्या ऋतूलाच गर्भाधान केले पाहिजे असे बंधन शास्त्रात नाही, ते पुढे ढकलता येते. विधेयक मार्च 1891 मध्ये मंजूर झाले.

या प्रकरणावर मी विद्यार्थ्यांना मुद्दाम रेंगाळायला लावतो. एका मुलीच्या शरीरावर चाललेला हा वाद, पण त्यात मुलीचे शरीर फारसे कुठे येतच नाही. एकीकडे वचने, दुसरीकडेही वचनेच. भांडारकर उदार होते, विधवा झालेल्या मुलीचा पुनर्विवाह करून त्यांनी स्वतःच्या घरात ते सिद्धही केले. तरी त्यांनाही बोलावे लागले ते सूत्रांच्या भाषेत, कारण त्या सभेत दुसरी भाषा चालत नव्हती. डॉक्टरांनी दिलेल्या मुलींच्या जखमांच्या नोंदी सरकारदरबारी होत्या. त्या मराठी वाचकापर्यंत फारशा आल्या नाहीत. आले ते शास्त्रार्थ. लैंगिक ज्ञान म्हणजे काय, पुराव्याला वजन कशाने येते, हे प्रश्न या क्षेत्राचे पहिले प्रश्न आहेत. ते तिथून सुरू होतात आणि आजही सुटलेले नाहीत.

याच सुमारास आणखी एक गोष्ट घडली. नव्या शिकलेल्या मध्यमवर्गाला शिमगा, लावणी, मखराची गाणी हे सगळे ओंगळ वाटू लागले. दंडविधानाचे 292 वे कलम अश्लीलतेला शिक्षा सांगत होतेच. विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईत सुधारकांनी शिमग्याऐवजी होलिका संमेलने भरवायला घेतली. हेतू चांगला होता. पण जुने बोलणे गेले आणि त्या जागी नवे काही आले नाही. ज्याला आपण आपली ‘पूर्वापार’ लाज समजतो, ती बऱ्याच अंशी या पन्नास-साठ वर्षांत घडलेली आहे.

त्या रिकाम्या जागेत रघुनाथ धोंडो कर्वे आले. जन्म 14 जानेवारी 1882, मुरूडचा, म्हणजे दापोलीजवळचा. (सिंधुदुर्ग हा वेगळा जिल्हा झाला 1 मे 1981 रोजी, तोवर मालवण, वेंगुर्ले, देवगड हे रत्नागिरीचेच. त्यामुळे कर्व्यांना आम्ही आपले म्हटले तर भूगोल फार ताणावा लागत नाही.) वडील महर्षी कर्वे विधवांच्या शिक्षणासाठी झिजले. मुलगा गणिताचा प्राध्यापक झाला, पॅरिसला जाऊन आला आणि 1921 मध्ये त्याने मुंबईत संततिनियमनाचे केंद्र काढले. लंडनमध्ये मेरी स्टोप्स यांनी आपले पहिले केंद्र उघडले तेही याच वर्षी. यानंतर 1923 मध्ये ‘संततिनियमन : विचार व आचार’ आणि ‘गुप्तरोगांपासून बचाव’ ही पुस्तके आली. विल्सन कॉलेजच्या चालकांना हे रुचले नाही. प्रचार सोडा नाहीतर नोकरी सोडा, अशी पाळी आल्यावर कर्व्यांनी 1925 मध्ये नोकरी सोडली. पत्नी मालतीबाई शेवटपर्यंत त्यांच्या बाजूने उभ्या राहिल्या. मूल नको हा निर्णय दोघांनी घेतला आणि शस्त्रक्रिया कर्व्यांनी स्वतःवर करून घेतली. त्या काळात, आणि या काळातही, नसबंदीसाठी पुढे होणारा नवरा किती दुर्मीळ, हे कोणत्याही प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या नर्सला विचारावे.

जुलै 1927 मध्ये ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू झाले आणि 14 ऑक्टोबर 1953 ला कर्वे गेले तोवर ते चालले. शेवटचा अंक त्यांच्या मागे निघाला. सव्वीस वर्षांचे हे अंक या क्षेत्राची खाण आहेत, आणि त्यांतला सर्वांत मोलाचा भाग कर्व्यांचे लेख नव्हेत असे माझे मत आहे. मोलाची आहेत ती वाचकांची पत्रे आणि प्रश्न. हस्तमैथुनाने माणूस खंगतो का, पहिल्या रात्री काय करावे, बायकोला यात रस नसेल तर दोष कोणाचा, दोन पुरुषांमधले आकर्षण हा रोग आहे का. लिहिणारे संकोचत होते, भीत होते, पण लिहीत होते. इथे पहिल्यांदा मराठीत शिकणारा आधी बोलतो आणि शिकवणारा त्याला उत्तर देतो.

गंमत म्हणावी की दुर्दैव, पण कर्व्यांना कोर्टात खेचण्याचे एक कारण ही उत्तरेच ठरली. पहिला खटला 1931 मधला, व्यभिचारावरच्या लेखाबद्दल. दंड 100 रुपये. दुसरा 1934 मध्ये, वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरून. त्यात कर्व्यांचे वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घेतले. त्यांच्या मांडणीचा रोख असा होता की, लैंगिक विषयावर लिहिले म्हणजे ते आपोआप अश्लील होत नाही, आणि लोकांच्या मनात शंका असतील तर ज्ञानाखेरीज त्या जाणार कशा? कर्वे खटला हरले, दंड 200 रुपये झाला. आंबेडकरांनी विषय सोडला नाही. नोव्हेंबर 1938 मध्ये मुंबई विधिमंडळात संततिनियमनाच्या ठरावासाठी त्यांनी भाषण तयार केले, ते पी. जे. रोहम यांनी सभागृहात मांडले. बाईला नको असताना वारंवार बाळंतपण सोसावे लागू नये, हा मुद्दा त्यात स्पष्ट आहे. ठराव फेटाळला गेला.

कर्व्यांना देव्हाऱ्यात बसवून काम भागत नाही. त्यांच्या आजूबाजूला उभी असलेली संततिनियमनाची चळवळ एकजिनसी नव्हती. ना. सी. फडके यांनी 1927 मध्ये याच विषयावर इंग्रजी पुस्तक लिहिले, त्याला मार्गारेट सँगर यांची प्रस्तावना होती. त्यातला भर सुप्रजननावर होता: चांगली संतती कोणाला व्हावी आणि कोणाला होऊ नये. जातीच्या आणि वर्गाच्या अहंकाराचा वास त्या युक्तिवादाला येतो. कर्व्यांचे वेगळेपण हे की, त्यांनी स्त्रीच्या सुखाला जागा दिली आणि ती वंशाच्या किंवा राष्ट्राच्या नावाने परत काढून घेतली नाही. सँगर 1935 च्या अखेरीस वर्ध्याला गांधीजींना भेटल्या. गांधीजींनी कृत्रिम साधनांना नकार दिला आणि संयमाचा मार्ग सांगितला. कर्वे संयमाच्या उपदेशाची टिंगल करीत. देशाने नाव गांधीजींचे घेतले, आणि पुढे धोरण साधनांचे राबवले.

आमच्या जिल्ह्याच्या दृष्टीने इथे एक दुवा जोडायला हवा. मुंबईच्या गिरण्यांत रत्नागिरी जिल्ह्यातून, म्हणजे मालवण-सावंतवाडीकडूनही, माणसांचा लोंढा गेला. चाकरमानी तिकडे खोलीत दहा-पंधरा जणांत झोपणार, बायको इकडे भात लावणार, भेट गणपतीला नाहीतर शिमग्याला, जमली तर. वर्षानुवर्षे ताटातूट हीच ज्यांच्या संसाराची रीत, त्यांना लैंगिक शिक्षण कोणी दिले? गुप्तरोगांवरचे कर्व्यांचे पुस्तक याच शहरात छापले गेले, पण त्याचा वाचक बहुधा शिकलेला पांढरपेशा होता. गिरणगाव त्याच्यापासून फार लांब नव्हते, आणि तरी लांब होते. गावात राहिलेल्या बायकांच्या बाजूने तर जवळजवळ काहीच लिहिलेले नाही. आहे ते कादंबऱ्यांत.

म्हणून या विषयाच्या अभ्यासकाने ललित साहित्याला दुय्यम पुरावा मानू नये. विभावरी शिरूरकरांच्या ‘कळ्यांचे निःश्वास’ने 1933 मध्ये शिकलेल्या अविवाहित मुलींच्या इच्छांना शब्द दिले तेव्हा लेखिकेला टोपणनावाआड राहावे लागले, आणि ती कोण याचा शोध लोकांनी रागाने घेतला. वेंगुर्ल्याजवळच्या आरवलीत वाढलेले जयवंत दळवी, आणि त्याच तालुक्यात जन्मलेले चिं. त्र्यं. खानोलकर, या दोघांनी कोकणातल्या घरांची माजघरे उघडली. दळवींच्या माणसांची कोंडलेली वासना, ‘बॅरिस्टर’मधल्या विधवेची होरपळ, खानोलकरांच्या ‘रात्र काळी घागर काळी’तल्या लक्ष्मीभोवती पेटलेला गाव: हे वाचल्यावर या किनाऱ्यावर कोणाला काय सांगितले गेले नव्हते, हे कोणत्याही अहवालापेक्षा नीट कळते. कायदा मात्र शब्दांवरच लक्ष ठेवून होता. चंद्रकांत काकोडकरांची ‘श्यामा’ ‘रंभा’च्या 1962 च्या दिवाळी अंकात आली, खटला झाला, आणि ती अश्लील नाही हे ठरायला 1969 साली सर्वोच्च न्यायालय गाठावे लागले.

स्वातंत्र्यानंतरच्या सरकारी कुटुंबनियोजनाबद्दल थोडक्यात सांगतो, कारण त्यावर लिहिलेले भरपूर मिळते. शकुंतला परांजपे यांनी पुण्यात आणि आसपासच्या खेड्यांत जाऊन बायकांशी केलेले काम त्यातले सर्वांत माणुसकीचे. बाकी लाल त्रिकोण, निरोध, आणि मग आणीबाणी. महाराष्ट्राच्या विधिमंडळाने 1976 मध्ये सक्तीच्या नसबंदीचे विधेयक मंजूरही केले होते. राष्ट्रपतींची संमती न मिळाल्याने ते अमलात आले नाही. यात शरीर होते ते आकड्यापुरते. आणि आकड्यांचेच म्हणाल तर 2001 ते 2011 या दशकात सिंधुदुर्गाची लोकसंख्या घटली: 8 लाख 68 हजारांवरून 8 लाख 49 हजारांवर. कमी मुले आणि तरुणांचे मुंबई-पुण्या-गोव्याकडे जाणे, दोन्ही त्यात आले. ज्या भीतीने पन्नास वर्षे शिकवले, ती भीती इथे उलटी झाली आहे. गावोगावच्या शाळा पटसंख्येअभावी बंद पडण्याच्या वाटेवर आहेत.

एड्स आला आणि शिकवण्याची सूत्रे भीतीच्या हाती गेली. तरी त्याच भीतीने 2005 मध्ये किशोरवयीन शिक्षणाचा कार्यक्रम शाळेच्या दारापर्यंत आणला. 2007 मध्ये आमदारांनी सचित्र साहित्यावरून गदारोळ केला आणि महाराष्ट्राने तो थांबवला; गुजरात, मध्य प्रदेश, कर्नाटकातही तेच झाले. पाठोपाठ 2009 मध्ये राज्यसभेच्या याचिका समितीने, वेंकय्या नायडू यांच्या अध्यक्षतेखाली, शाळेत लैंगिक शिक्षण नको असे म्हटले. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर 2024 मध्ये नेमके उलटे सांगितले. मधल्या काळात गडचिरोलीत डॉ. राणी बंग यांनी ‘तारुण्यभान’ शिबिरे चालू ठेवली. त्यामागे त्यांचेच 1989 चे संशोधन होते: तिथल्या दोन गावांत तपासलेल्या स्त्रियांपैकी 92 टक्के स्त्रियांना जननेंद्रियांचा कोणता ना कोणता आजार होता, आणि बहुतेकींनी तो कधी कोणाला सांगितला नव्हता. ‘लान्सेट’मध्ये तो लेख आला तेव्हा जगाला धक्का बसला. मला त्यातली मोठी गोष्ट वाटते ती ही की, कोणीतरी विचारले.

आज दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात मासिक पाळीचे चक्र आहे, टेस्ट ट्यूब बेबी आहे, सरोगसी आहे. नकार कसा द्यावा, होकार म्हणजे काय, मुलगा म्हणून कोणत्या शंका येतात, हे नाही. ग्रामीण रुग्णालयांत किशोरांसाठी ‘मैत्री’ केंद्रे आहेत. 2018 मध्ये ‘अस्मिता’ योजनेतून जिल्हा परिषद शाळांतल्या मुलींना पाच रुपयांत सॅनिटरी पॅड देण्याची सोय झाली. 2012 च्या पॉक्सो कायद्याने चांगला-वाईट स्पर्श शिकवणे आवश्यक झाले, आणि ते योग्यच. मात्र संमतीचे वय 18 झाल्याने सोळा-सतरा वर्षांच्या दोघांचे एकमेकांवरचे प्रेमही पोलिसांच्या नोंदीत गुन्हा म्हणून उमटते. 1891 चा वाद इथे नव्या वेषात पुन्हा उभा आहे, फक्त आता मुलीचे म्हणणे काय आहे ते निदान विचारता येते.

वाचनाचा क्रम म्हणाल तर माझा सल्ला असा. आधी ‘समाजस्वास्थ्य’चे अंक चाळावेत, बरेचसे आता संगणकावर मिळतात, लेख सोडून प्रश्नोत्तरे वाचावीत. मग य. दि. फडके यांचे कर्वेचरित्र, अनंत देशमुखांनी संपादित केलेले कर्वे-साहित्य. त्यानंतर संमतिवयाच्या वादातली ‘केसरी’ आणि ‘सुधारक’ या दोन्ही पत्रांची पाने समोरासमोर ठेवून. कायद्याची कलमे शेवटी.

आणि जे कोणी लिहिलेले नाही ते इथे, जिल्ह्यातच आहे. मालवणी मुलखातल्या निवृत्त सुईणी आणि परिचारिका, गिरणगावातून परतलेले म्हातारे, खलाशी म्हणून महिनोन्‌महिने बाहेर राहणारे तरुण, आणि ज्यांची नोंद कुठल्याच रजिस्टरात नाही असे समलिंगी स्त्रीपुरुष. 1997 पासून पर्यटन जिल्हा म्हणवणाऱ्या या भागात तारकर्लीचे घरमालक लग्न न झालेल्या जोडप्याला खोली देतात की नाही, कोणत्या सबबीवर नाकारतात, हाही आजच्या सामाजिक दृष्टीचा पुरावाच आहे आणि तो टिपायला ग्रंथालय लागत नाही. मुलाखती घेणाऱ्याने बाईशी बाईने आणि शक्यतो घराबाहेर बोलावे. नावे आणि वाड्यांची नावे बदलावीत, कारण इथे वाडी सांगितली की माणूस ओळखू येतो. पहिल्या भेटीत पाळीबद्दल विचारावे, लग्नाबद्दल नको. पाळीवर बायका लवकर बोलू लागतात, आणि बाकीचे त्या आपणहून त्यातूनच काढतात.

— मालवण